पिलारचे आग्नेल पाद्री: फारसे काही न घडलेल्या आयुष्यापुढे इतकी माणसे का येतात?

सुमा_अंत्रुजकर

गोव्याबाहेरच्या मंडळींसाठी आधी थोडक्यात सांगते. पणजीहून मडगावला निघालात की गोवा वेल्ह्याला डाव्या हाताला एक टेकडी लागते, ती पिलार. वर चारशे वर्षांचा जुना मठ आहे आणि तिथे पाद्री आग्नेलो डिसोझा यांची समाधी आहे. जन्म हणजूणचा, 21 जानेवारी 1869. मृत्यू राशोलच्या सेमिनारीत (पाद्री घडवणाऱ्या विद्यालयात), 20 नोव्हेंबर 1927. 1986 साली पोप जॉन पॉल दुसरे यांनी त्यांना ‘पूजनीय’ घोषित केले. म्हणजे ते अजून संत झालेले नाहीत.

एखाद्या गुरुवारी वर जाऊन बघा. मेणबत्त्या, शेवंतीच्या माळा, कुणाच्या हातात पत्रिका, कुणाच्या हातात परीक्षेचे हॉलतिकीट. निम्म्या बायकांच्या कपाळाला कुंकू. आमच्या फोंड्याकडच्या घरातूनही माणसे जातात आणि त्याबद्दल घरात कुणी कधी चर्चा केल्याचे मला आठवत नाही. मंगेशीला जातो, शांतादुर्गेला जातो, तसे पिलारला जातो.

आता माझा प्रश्न. झेवियर सायबांचे (संत फ्रान्सिस झेवियर यांचे) आयुष्य म्हणजे समुद्र, जपान, वादळे. गोव्याचे मिशनरी जोजफ वाझ श्रीलंकेत हमालाच्या वेशात शिरले, कँडीत कैदेत पडले. आग्नेल पाद्रींच्या आयुष्यात असे काहीच नाही. लहानपणीच आईवडील गेले. 1897 साली पिलारच्या मिशनरी संस्थेत दाखल झाले, पाद्री झाले, कुमठा, सावर्डे अशा ठिकाणी काम केले, शेवटची वर्षे राशोलला पाद्री होऊ घातलेल्या मुलांचे आध्यात्मिक मार्गदर्शक होते. प्रवचन करताना कोसळले आणि काही दिवसांनी गेले. ना मोठी संस्था काढली, ना राजाशी भांडले.

माझे मत असे की हे साधेपणच माणसांना ओढते. ज्याच्याकडे सांगण्यासारखे काही नाही त्याच्यापाशी आपले सांगता येते. पण हे मत मला स्वतःलाच अपुरे वाटते, कारण साधी माणसे गोव्यात हजारो होऊन गेली. मग हेच का? तुमचे अनुभव, मते लिहा.

तिसवाडीकर

कदंबा बसमध्ये गुरुवारी सकाळी बसा. कंडक्टर ‘पिलार, पिलार, देंवात!’ म्हणून ओरडला की अर्धी बस रिकामी होते. उरलेल्यांना तिथून मडगावपर्यंत बसायला जागा मिळते, तेवढा प्रसाद आम्हा नास्तिकांनाही. :)

वाशीकर_निखिल

हा धागा वाचून थक्क झालो. मी वाशीच्या फादर अ‍ॅग्नेलमध्ये शिकलो. बालवाडीपासून दहावीपर्यंत ते नाव रोज खिशावर शिवलेले होते, पावतीवर होते, प्रगतिपुस्तकावर होते. पुढे बांद्र्याला इंजिनिअरिंगला गेलो तर तिथेही तेच आश्रमवाले. काळ्या झग्यातल्या एका पाद्रीचा फोटो हॉलमध्ये होता एवढेच आठवते. हणजूण म्हणजे अंजुना ना? जिथे आम्ही थर्टीफर्स्टला जायचो? त्या गावचा माणूस आहे हे कुणी सांगितलेच नाही कधी.

सुमाताई, तुम्ही लिहिले की त्यांनी संस्था काढली नाही. पण त्यांच्या नावाने केवढ्या निघाल्या! वाशी, बांद्रा, वेर्णा, दिल्ली, नोएडा.

सुमा_अंत्रुजकर

निखिल, हो, तेच हणजूण. आणि तुझे म्हणणे बरोबर आहे, पण त्या सगळ्या नंतरच्या. बांद्र्याचा आश्रम 1957 चा, म्हणजे पाद्रींना जाऊन तीस वर्षे झाल्यावरचा. मृत माणसाच्या नावाने इतके काम उभे राहते ते कशाच्या जोरावर, हाच तर प्रश्न आहे.

पेडणेकरीण

नवस. दुसरे काय? आमच्याकडे आंगवण म्हणतात. मूल होत नाही, नोकरी लागत नाही, पोर्तुगीज पासपोर्टचे काम अडले, की आंगवण. देव कुठला ते नंतर बघतात. मी हे तुच्छतेने म्हणत नाही, मी स्वतः केली आहे आणि फेडलीही आहे.

वसईकर_पास्कोल

नमस्कार. मी वसईचा मराठी कॅथलिक, म्हणून प्रक्रियेबद्दल थोडे लिहितो, कारण ‘पोपने संत केले’ असे आपण सहज म्हणतो.

चार पायऱ्या असतात. चौकशी सुरू झाली की ‘देवाचा सेवक’. आयुष्यातले गुण असामान्य पातळीचे होते असे रोमने मान्य केले की ‘पूजनीय’. आग्नेल पाद्री इथे आहेत. त्यानंतर त्यांच्या मध्यस्थीने घडलेला एक चमत्कार सिद्ध झाला की ‘धन्यवादित’. गोव्यात भागेवंत म्हणतात. पुढे आणखी एक झाला की ‘संत’. चमत्कार म्हणजे बहुतेक वेळा आजार बरा होणे. तो आजार गंभीर होता, बरे होणे अचानक आणि टिकाऊ होते, आणि वैद्यकशास्त्राकडे त्याचे उत्तर नाही, असे डॉक्टरांचे मंडळ तपासते. भाविकांना आलेले शेकडो अनुभव या चाळणीत बसत नाहीत. म्हणून प्रकरण थांबलेले दिसते. थांबले म्हणजे नाकारले असे मुळीच नाही.

दुसरे म्हणजे, बरेच लोक त्यांना फ्रान्सिस्कन (असिसीच्या संत फ्रान्सिसच्या संघातले साधू) समजतात, कारण पिलारचा मठ 1613 साली फ्रान्सिस्कनांच्या कापूशो शाखेने बांधला. पण 1835 मध्ये पोर्तुगीज सरकारने सगळे धार्मिक संघ गोव्यातून घालवले, तेव्हा ते फ्रान्सिस्कनही गेले. आग्नेल पाद्री ज्या संस्थेचे ती गोमंतकीय पाद्रींनी काढलेली. 1887 ला आगोंदला सुरू झाली आणि काही वर्षांनी पिलारला आली.

आणि नम्र फ्रान्सिस्कनच हवा असेल तर आमच्या वसईला या! गोन्सालो गार्सिया. आधी जपानात व्यापार केला, मग मनिलाला जाऊन फ्रान्सिस्कन झाला. पाद्री नव्हे, शेवटपर्यंत साधा ब्रदर. 5 फेब्रुवारी 1597 ला नागासाकीला क्रुसावर मारलेल्या सव्वीस जणांत तो होता. 1862 मध्ये संत झाला. भारतात जन्मलेला पहिला संत वसईचा आहे, हे गोवेकरांनी नोंदवून ठेवावे.

तिसवाडीकर

नोंदवले. बदल्यात वसईची सुकेळी (वाळवलेली केळी) पाठवा.

इतिहासवेडा_डिचोली

सगळे गोडगोड चालले आहे म्हणून दुसरी बाजू मांडतो. कुणाला राग आला तर येऊ द्या.

पिलारची टेकडी म्हणजे कदंब राजांचे गोपकपट्टण. अकराव्या शतकात चांदोरहून राजधानी इथे आली. इथे गोवेश्वराचे देऊळ होते असे अभ्यासक मानतात. 1540 च्या सुमारास तिसवाडीतली देवळे पाडली गेली. सुमाताई, तुमचा मंगेश कुठ्ठाळीहून नदी ओलांडून फोंड्यात का आला ते तुम्हाला सांगायला नको. 1560 पासून 1812 पर्यंत, मधली थोडी वर्षे सोडली तर, इन्क्विझिशन (धर्मद्रोहाबद्दल शिक्षा देणारे चर्चचे न्यायालय) होते. त्याच जागी आज आपण माळा घेऊन जातो आणि ‘आमच्या घरात चर्चा होत नाही’ असे कौतुकाने सांगतो. चर्चा व्हायला हवी.

आग्नेल पाद्री वैयक्तिक पातळीवर सज्जन असतीलही. पण ते ज्या व्यवस्थेचे, ती व्यवस्था विसरून भक्ती करणे मला जमत नाही.

सुमा_अंत्रुजकर

तुम्ही मांडलेले मला मान्य आहे आणि तुम्ही ते मांडले हे बरे केले. मंगेशाची पालखी पाहताना मला ते दरवेळी आठवते. पण आग्नेल पाद्रींचा जन्म 1869 चा, इन्क्विझिशन संपून सत्तावन्न वर्षे झाली होती. हणजूणच्या अनाथ पोराला मी अफोन्सो दि अल्बुकर्कचा हिशेब कसा विचारू?

गोपकपट्टणाचे म्हणाल तर, त्या टेकडीवर सापडलेली कदंबकालीन शिल्पे आणि नाणी पिलारच्या पाद्रींनीच संग्रहालय करून जपली आहेत. मी पाहिली आहेत. आमच्या कितीतरी देवस्थानांत जुन्या मूर्ती मागच्या आवारात फणसाखाली पडून असतात.

इतिहासवेडा_डिचोली

संग्रहालयाचे श्रेय त्यांना पूर्ण देतो, मी स्वतः तिथे बसून टिपणे काढली आहेत. मुद्दा व्यक्तीचा नाही, आपल्या विस्मरणाचा आहे. असो. मी भक्तीला नाही म्हणत नाही. डोळे उघडे ठेवून जावे असे म्हणतो.

म्हापशेकर_बाब

आमच्या म्हापशाच्या मिलाग्र सायबिणीचे (मेरीमातेचे) फेस्त बघा. हिंदू बायका तेल घेऊन रांगेत. शिरगावच्या लईराई देवीची ती बहीण, असे सगळा गाव मानतो. आणि बोडगेश्वराच्या जत्रेत ख्रिश्चनांची गर्दी कमी नसते. कुंकळ्ळीच्या ख्रिश्चन गावकारांचा फातर्प्याच्या देवीच्या छत्रोत्सवात मान आहे. धर्म बदलला तरी नाते तोडायला लोक तयार नव्हते. पिलार त्याच माळेतला मणी आहे.

इतिहासवेडा_डिचोली

म्हापशेकरबाब, इथे मी अडतो. मिलाग्र आणि लईराई यांत जुन्या ग्रामदेवतेचा धागा आहे. फातर्प्याला गावाचा मान आहे. पिलारला यातले काही नाही. आग्नेल पाद्रींना कुठल्याही देवीचे नाते चिकटलेले नाही. 1927 ला वारलेला माणूस, ज्याचा फोटो उपलब्ध आहे. तिथे हिंदू जातात त्याचे कारण वेगळे असणार. म्हणजे सुमाताईंचा प्रश्न खरोखर अवघड आहे, ‘गोव्यात असेच असते’ म्हणून सुटणारा नाही.

डॉ_आगशी

मी बांबोळीच्या इस्पितळात बरीच वर्षे काम केले. पिलार तिथून जवळ. ज्यांचा माणूस अतिदक्षता विभागात असतो ते नातेवाईक काय करतात? दिवसभर बाकावर बसतात. संध्याकाळी कुणीतरी म्हणते, चला, वर जाऊन येऊ. काही जण रस्त्यापलीकडच्या फुलांच्या खुरसाजवळ थांबतात, काही जण पिलारला जातात.

एक प्रसंग सांगतो. साखळीकडची एक बाई, तरुण मुलगा अपघातात. तीन वेळा मी तिला परिस्थिती समजावून सांगितली, तिन्ही वेळा ती ‘बरे होईल ना?’ एवढेच विचारत राहिली. तिला ऐकूच जात नव्हते. एका गुरुवारी ती पिलारला जाऊन आली. केस पेपरची पिशवी काखेत, केसांत मेणाचा वास. खुर्चीवर बसली आणि म्हणाली, ‘दोतोर, आतां सांगात. हांव आयकतां.’ मी सगळे सांगितले. मुलगा वाचला नाही. ती बाई मात्र पुढच्या वर्षीही मला पिलारच्या चढावर दिसली, हातात माळ.

पेडणेकरीणताईंनी नवस म्हटले. नवस फळला नाही तरी येणारी माणसे मी पाहिली आहेत. त्यांचे काय ते मला अजून कळलेले नाही.

पेडणेकरीण

डॉक्टर, वाचून गप्प झाले. खरे आहे. आमच्या शेजारच्या काकींचेही असेच.

सासष्टीकरीण

मी कॅथलिक, शिक्षण मराठी माध्यमातून, म्हणून इथे लिहायची हिंमत करते.

सुमाताई, तुम्ही राशोलचे काम एका ओळीत संपवलेत. माझ्या मते उत्तर तिथेच आहे. 1918 पासून मरेपर्यंत, म्हणजे नऊ वर्षे, ते राशोलला आध्यात्मिक मार्गदर्शक होते. हे काम काय असते? सेमिनारीत रेक्टर शिस्त बघतो, प्राध्यापक परीक्षा घेतात. आध्यात्मिक मार्गदर्शकाकडे मुलगा एकटा जातो. माझा विश्वास डळमळतो, मला घरी जावेसे वाटते, माझे मन एका मुलीवर आहे, हे तो फक्त तिथे बोलतो. आणि मार्गदर्शक ते कुणालाच सांगू शकत नाही, रेक्टरलाही नाही. मुलाला पाद्री करायचे की नाही यात त्याचे मत घेतले जात नाही, तसा नियमच आहे, म्हणून तर मुले मोकळी होतात.

आता विचार करा. त्या काळात गोव्यात पाद्री व्हायचे तर राशोल. नऊ वर्षांत जितके तरुण तिथून बाहेर पडले त्यातला प्रत्येक जण आयुष्यातल्या सगळ्यात कठीण दिवसांत या माणसासमोर बसलेला. ते पुढे गोव्याच्या गावागावांत विगार (गावच्या चर्चचे मुख्य पाद्री) म्हणून गेले, काही मुंबईला, काही आफ्रिकेतल्या गोवेकरांत गेले. त्यांच्या शेर्मांवात (प्रवचनात), घरगुती गप्पांत हे नाव येत राहिले. संत एकटा संत होत नाही, त्याच्याबद्दल बोलणारे लागतात. आग्नेल पाद्रींना ते आपोआप मिळाले, कारण त्यांनी त्यांना कधीकाळी ऐकून घेतले होते.

आमच्या आजीच्या गावचा जुना विगार त्यांचा विद्यार्थी. आजी सांगायची, तो मुलांना मारायचा नाही. ‘मला ज्याने घडवले त्याने मला कधी आवाज चढवून सांगितले नाही,’ असे म्हणायचा. त्या काळातला न मारणारा पाद्री म्हणजे काय ते जुन्या लोकांना विचारा!

वाशीकर_निखिल

आमच्या शाळेतल्या पीटीच्या सरांना हे सांगायला हवे होते. :)

वसईकर_पास्कोल

सासष्टीकरीणताई, अगदी पटले. मी यात एक गोष्ट जोडतो. 1927 ला ते गेले तेव्हा पिलारची संस्था जवळजवळ संपत आली होती. जुने सभासद म्हातारे, नवे येईनात. 1939 साली तरुण पाद्रींनी ती पुन्हा उभी केली. त्याच वर्षी आग्नेल पाद्रींच्या अस्थी राशोलहून पिलारला आणल्या. आज ती मंडळी अंदमानात आहेत, दादरा नगर हवेलीत आहेत, झारखंडमध्ये आहेत. मेलेल्या माणसाभोवती जिवंत संस्था पुन्हा जमली. रोम हे चमत्कार म्हणून धरत नाही, मला विचाराल तर धरायला हरकत नव्हती.

म्हापशेकर_बाब

चमत्काराचा विषय निघालाच आहे तर जोजफ वाझांचे बघा. 1711 ला कँडीत वारले. संत झाले 14 जानेवारी 2015 ला, कोलंबोत. तीनशे चार वर्षे! आणि दुसऱ्या चमत्काराची अट पोप फ्रान्सिस यांनी माफ केली म्हणून झाले. त्या हिशेबाने आमच्या हणजूणच्या माणसाला अजून दोनशे वर्षे हातात आहेत.

आणखी एक गंमत. वाझांना 1995 मध्ये भागेवंत केले तेव्हा जो चमत्कार मान्य झाला तो एका अवघड बाळंतपणातला होता. आई आणि बाळ दोघे वाचले. ते बाळ मोठे होऊन पाद्री झाले, आणि कुठल्या संस्थेत? पिलारच्या! गोव्याच्या इतिहासावर त्यांनी पुष्कळ लिहिले.

तिसवाडीकर

हे माहीत नव्हते. म्हणजे सांकवाळच्या संताने वाचवलेले पोर पिलारला पोचले. तिसवाडी आणि मुरगाव यांच्यात आता हिशेब फिटला.

सुमा_अंत्रुजकर

म्हापशेकरबाब, ही माहिती माझ्यासाठीही नवीन. वाझांबद्दल मला सर्वांत भावते ते 1697 चे. कँडीत देवीची साथ आली, धनवान लोक शहर सोडून पळाले आणि जो माणूस पाच वर्षांपूर्वी पोर्तुगीजांचा हेर म्हणून त्याच शहरात कैदेत होता तो रोग्यांच्या झोपड्या बांधत, त्यांना भरवत राहिला. तिथले बहुतेक रोगी बौद्ध.

गोवा_वेल्हा_पोर

आमच्या गावाचे नाव निघाले आणि सांतांच्या पुरशांवाबद्दल कुणीच लिहीत नाही? ईस्टरआधीच्या उपासाच्या काळातल्या पाचव्या रविवारनंतरचा सोमवार. सां आंद्रे इगर्जेतून (चर्चमधून) संतांचे माणसाएवढे पुतळे खांद्यावर घेऊन मिरवणूक निघते. पिलारच्या जुन्या फ्रान्सिस्कनांनी सतराव्या शतकात सुरू केलेली. पोर्तुगीजांनी त्या साधूंना हाकलले तरी गावाने मिरवणूक सोडली नाही. एक पुतळा उचलायला चार जण लागतात आणि कोणत्या घराने कोणता संत उचलायचा यावर पूर्वी वाद व्हायचे.

त्या पुतळ्यांत राजे आहेत, राण्या आहेत. फ्रान्सचा लुई राजा मुकुटासकट आहे. बहुतेक फ्रान्सिस्कन तिसऱ्या संघाचे, म्हणजे घरसंसारात राहून फ्रान्सिस्कन वाटेने चालणारे. राजाला लोक आदराने बघतात आणि मिरवणूक संपली की बाजूच्या फेरीत खाजे घ्यायला जातात. आग्नेल पाद्रींचा पुतळा त्यात नाही, पण वर्षभर टेकडी चढतात ती त्यांच्यासाठी.

पेडणेकरीण

फेरीतले खाजे! आले घातलेले, गुळाचे. धाग्यावर जरा थांबून खाऊन घ्या सगळ्यांनी.

सांगेकर_जुने

उशिरा आलो, सगळे वाचून काढले. इतिहासवेडा यांनी जो प्रश्न केला, की इथे देवीचे नाते नाही तर हिंदू का येतात, त्यावर मला काही सांगायचे आहे. मी सांगे तालुक्यातला.

पिलारची संस्था आगोंदला सुरू झाली असे पास्कोल यांनी लिहिले. आगोंद काणकोणात. काणकोण, केपे, सांगे, फोंडा, सत्तरी, डिचोली, पेडणे या नव्या काबिजादी. पोर्तुगीजांच्या हाती हा मुलूख अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात आला, तोवर देवळे पाडायचे दिवस सरले होते. इथे हिंदू बहुसंख्य राहिले. ख्रिस्ती घरे विखुरलेली, रानातून दोन दोन तास चालत जावे लागे. जुन्या काबिजादीतला (आधीपासून पोर्तुगीजांच्या मुलखातला) पाद्री म्हणजे मोठ्या इगर्जेतला, हाताखाली माणसे असलेला, भाटकाराच्या (जमीनदाराच्या) घरी जेवणारा. सावर्ड्यासारख्या ठिकाणचा पाद्री रस्त्यावर दिसायचा. त्याला दुकानात उधारी असायची, पावसात तो कुणाच्याही पडवीत थांबायचा, आणि ती पडवी बहुतेक वेळा हिंदूची असायची.

आग्नेल पाद्री सावर्ड्याला होते तो काळही बघा. 1910 मध्ये पोर्तुगालमधली राजेशाही गेली. प्रजासत्ताक आले, सरकार आणि चर्च वेगळे झाले आणि गोव्यातल्या हिंदूंना कायद्याने बरोबरीचे हक्क मिळाले. इतकी शतके पाद्रीच्या पाठीमागे सरकार उभे असायचे. आता पाद्री एकटा होता. जो झग्याच्या जोरावर जगत होता त्याला ते जड गेले असणार. जो मुळातच काही मागत नव्हता त्याला लोकांनी माणूस म्हणून बघितले. माझी समजूत अशी की आमच्या भागातल्या हिंदूंना सत्तेवाचूनचा पाद्री पहिल्यांदा भेटला तो त्या वर्षांत, आणि आग्नेल पाद्री त्या मोजक्यांपैकी एक होते.

इतिहासवेडा_डिचोली

सांगेकर, हे उत्तर मला विचार करायला लावते. व्यवस्थेपासून सुटलेला पाद्री. सनावळीही जुळते. माझा आक्षेप पूर्ण मिटला असे नाही, कारण 1910 नंतरही चर्चचे वजन गोव्यात कमी झाले नव्हते. पण व्यक्ती आणि व्यवस्था यांत मी जी रेघ ओढू शकत नव्हतो ती तुम्ही साल घालून ओढलीत.

सासष्टीकरीण

सांगेकरांचे आणि माझे म्हणणे एकत्र ठेवले तर चित्र पुरे होते असे वाटते. हिंदूंना ते सावर्ड्याच्या रस्त्यावर भेटले, ख्रिश्चनांना राशोलच्या मुलांच्या तोंडून कळले. दोन्ही वाटा पिलारच्या समाधीपाशी एकत्र आल्या.

सुमा_अंत्रुजकर

सासष्टीकरीणताई, सांगेकर, माझा प्रश्न होता ‘हेच का’, आणि त्याला पहिल्यांदाच कुणी जागा आणि साले घालून उत्तर दिले. माझे ‘साधेपण’ हे उत्तर यापुढे मी सोडून देते. साधेपण सर्वांकडे होते. ते कुठे आणि कुणासमोर होते याने फरक पडला. डॉक्टरांनी सांगितलेली बाई मात्र यातही बसत नाही. तिला राशोल माहीत नव्हते आणि 1910 ही नाही.

डॉ_आगशी

नाही बसत. आणि बसावी असा माझा आग्रहही नाही. ती माळ कशासाठी आणत होती, हे मी तिला विचारले नाही, विचारणारही नाही.

वाशीकर_निखिल

मंडळी, मी नोव्हेंबरात गोव्याला येतोय, या वेळी अंजुनाच्या किनाऱ्यासाठी नव्हे. 20 तारखेला पिलारला गर्दी असते का? आईलाही आणणार आहे, तिचे गुडघे दुखतात.

गोवा_वेल्हा_पोर

20 नोव्हेंबर म्हणजे पुण्यतिथी, प्रचंड गर्दी. आईला आणायचे तर आदल्या मागल्या साध्या दिवशी सकाळी या. वरपर्यंत गाडी जाते, चढायची गरज नाही. मठाच्या मागून जुवारीचे पात्र दिसते ते चुकवू नका. संग्रहालय बघायचे तर आधी चौकशी करून या. आणि खाजे तेव्हा मिळणार नाही, त्याला पुरशांवाची वाट बघावी लागेल.

वसईकर_पास्कोल

निखिल, जमले तर हणजूणची इगर्जही बघून घ्या, किनाऱ्यापासून लांब नाही. आणि परतताना वसईला उतरा. गोन्सालोच्या नावाची इगर्ज गासला आहे. सुकेळीची सोय मी करतो, तिसवाडीकरांचा वाटाही तुमच्याकडेच देतो.